कच्ची कालवं, रॉ बार आणि आपण

खाडीकाठ:
बोस्टनला राहायला आल्यापासून ऑफिसच्या लोकांबरोबर रॉ बारला जाणं होतं. ज्यांनी पाहिला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. लांबलचक काउंटर, त्यामागे चुरा केलेल्या बर्फाचा ढीग, त्यावर मांडलेली जिवंत कालवं, लिटलनेक आणि चेरीस्टोन नावाच्या जाड शिंपल्यांच्या तिसऱ्या, उकडून गार केलेली कोळंबी, खेकड्याच्या नांग्या. काउंटरमागचा माणूस तुमच्यासमोर एकेक कालव उघडून बर्फाच्या ताटात मांडतो. सोबत लिंबू, किसलेलं हॉर्सरॅडिश (एक झणझणीत मूळ), लाल कॉकटेल सॉस आणि मिनियोनेट, म्हणजे व्हिनेगरमधे बारीक चिरलेला छोटा कांदा आणि मिरी. झालं. चूल, फोडणी, मसाला काही नाही. आणि एकेका कालवाचे साडेतीन-चार डॉलर.

माझं माहेर रत्नागिरीजवळचं, त्यामुळे कालवं नवीन नाहीत. पण आमच्याकडे ती कांदा-खोबऱ्याच्या वाटणात यायची. इथे कच्ची खायला लागले आणि आवडायलाही लागली. तरी काही प्रश्न आहेत. कागदावर दहा-बारा नावं असतात, वेलफ्लीट, डक्सबरी, माल्पेक वगैरे, त्यांत नेमका फरक काय? उन्हाळ्यात खावीत का? आणि खरा प्रश्न: एवढी कालवं कोकणात असून आपल्याकडे असा एखादा बार का निघाला नाही? जाणकारांनी लिहावं. मे महिन्यात आईबाबा येणार आहेत, त्यांना न्यायचा विचार आहे, म्हणूनही विचारतेय.

सुरमईच_फक्त:
कच्चं?? निदान नळाखाली धुऊन तरी देतात का?

खाडीकाठ:
धुतात, पण बाहेरून. उघडल्यावर आत जे पाणी असतं ते सांडू द्यायचं नाही, त्यातच सगळी मजा आहे म्हणतात.

सुरमईच_फक्त:
म्हणजे समुद्राचं पाणी प्यायचे चार डॉलर. धन्य.

कुंपणावरचा_सरडा:
सिडनीहून. आमच्याकडे चक्क धुतात! ऑस्ट्रेलियात बरीच दुकानं कालवं आधीच उघडून, पाण्याखाली धरून, मांस उलटं करून शिंपल्यात ठेवतात आणि डझनाच्या ट्रेमधे विकतात. दिसायला गुळगुळीत, स्वच्छ. यावरून खवय्यांत कायम वाद. धुतल्यावर खारेपणा जातो हे मलाही पटतं, त्यामुळे मी न उघडलेली घेतो आणि घरी उघडतो. सुरमई, तुम्हाला सिडनी मानवेल.

आता महत्त्वाचं. इथलं सिडनी रॉक ऑयस्टर आणि कोकणातल्या खडकावरची कालवं एकाच कुळातली आहेत. दोन्ही साकोस्ट्रिआ. जात वेगळी, पण चुलत बहिणी. आकाराने लहान, चव तीव्र, वाढायला तीन-चार वर्षं घेतात. तेव्हा खाडीकाठताईंच्या शेवटच्या प्रश्नात दम आहे. चुलत बहीण इथे डझनावर विकली जाते आणि आपली मात्र सुकं होऊन ताटात येते.

मालवणी_वडा:
सुका होता म्हणजे तिचा सोना होता! आमची आजी असती तर म्हणाली असती, "कच्चा कित्याक खातास रे, चुलीक काय धाड भरली?"

ओहोटी लागली की बायका खडकावर जातात, हातात लहान लोखंडी हत्यार, दुसऱ्या हातात डबा. कालव खडकाला असं चिकटलेलं असतं की अख्खं निघतच नाही. वरची कवची फोडायची आणि आतलं मांस डब्यात. तासन्‌तास उकिडवं बसून एवढंसं हाती लागतं, बोटं कापतात ती वेगळीच. बाजारात वाट्याने विकतात तेव्हा आपण घासाघीस करतो. तिथे चार डॉलर देताना कोणी घासाघीस करतं का हो?

बाकी खडकावरच फोडून एखादं तोंडात टाकलेलं आहे लहानपणी. खारट, गार नाही. त्या वेळी कोणी "अनुभव" म्हटलं नाही त्याला.

बे_एरिया_बाळू:
खाडीकाठ, नावांचं रहस्य सांगतो. तुमच्या कागदावरची बहुतेक सगळी एकाच जातीची असतात. अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावर, पार कॅनडापासून मेक्सिकोच्या आखातापर्यंत, मूळचं खाण्याचं कालव एकच: क्रासोस्ट्रिआ व्हर्जिनिका. वेलफ्लीट हे केप कॉडवरचं गाव, डक्सबरी बोस्टनच्या दक्षिणेचा उपसागर, माल्पेक कॅनडातल्या प्रिन्स एडवर्ड बेटावरचं. नावं गावांची आणि खाड्यांची. देवगड हापूस आणि रत्नागिरी हापूस म्हणतो तसंच समजा. झाड तेच, माती वेगळी. इथे मातीच्या जागी पाणी. किती खारं, किती थंड, त्यात कोणतं शेवाळ, जाळीच्या पिशवीत वाढवलं की तळावर, यावर चव ठरते. वेलफ्लीटचं झणझणीत खारट. खाली चेसापीकच्या उपसागरात नद्यांचं गोडं पाणी मिसळतं, तिथली कालवं सौम्य, जरा गोडसर.

आमच्या पश्चिम किनाऱ्यावर मात्र खरोखर जाती बदलतात. बहुतांश जपानहून आणलेलं पॅसिफिक कालव, ज्याला काकडी-टरबुजाचा वास येतो असं म्हणतात (येतो, शपथ). कुमामोटो नावाचं छोटं, खोलगट, गोड, नवशिक्यांसाठी उत्तम. आणि ऑलिंपिया, नाण्याएवढं, इथलं मूळचं, तांब्यासारखी चव. ती सगळ्यांना आवडत नाही.

आईबाबांसाठी सल्ला: एकदम डझन मागवू नका. दोन उत्तरेची, दोन दक्षिणेची. पहिलं काहीही न घालता खायचं. आणि गिळायचं नाही, चावायचं. सिनेमात दाखवतात तसं डोकं मागे टाकून सर्रकन घशाखाली घातलं तर पैसे पाण्यात.

डॉ_कडुलिंब:
आईबाबांना न्यायच्या आधी हे वाचा. आनंदात मिठाचा खडा टाकतोय, पण धंदाच तो आहे.

तुमच्या आईबाबांना मधुमेह आहे का? यकृताचा काही त्रास? स्टेरॉइड किंवा प्रतिकारशक्ती कमी करणारी औषधं? यांतलं काहीही असेल तर कच्ची कालवं नकोत. कमी खा, सांभाळून खा असं मी म्हणत नाही, नकोतच. कोमट खाऱ्या पाण्यात व्हिब्रिओ नावाचे जिवाणू नैसर्गिकरीत्या असतात. कालव दिवसभर पाणी गाळत बसतं, त्यामुळे ते त्याच्यात साठतात. धडधाकट माणसाला बहुधा दोन-तीन दिवस जुलाब-उलट्या होऊन सुटका होते. पण व्हिब्रिओ व्हल्निफिकस ही जात रक्तात गेली तर प्रकरण भलतंच: अमेरिकेच्या सीडीसी या सरकारी रोगनियंत्रण संस्थेच्या सांगण्यानुसार या संसर्गात पाचातला एक रुग्ण दगावतो, काही तर एक-दोन दिवसांत. यकृताचे आणि मधुमेहाचे रुग्ण यात जास्त सापडतात. आपल्या पिढीच्या आईवडिलांत मधुमेह किती घरांत आहे ते मी सांगायला नको.

शिवाय नोरोव्हायरस. तो सांडपाण्यातून येतो आणि थंडीतही येतो.

लिंबू पिळलं, टबॅस्को घातला, वर दारू प्यायली म्हणजे जंतू मरतात हा समज खोटा आहे. दूषित कालव दिसायला, वासाला, चवीला चांगल्यासारखंच असतं. गरोदर बायकांनीही टाळावं. आणि खाल्ल्यावर ताप, थंडी, पायावर फोड असं काही दिसलं तर तडक इस्पितळात जा आणि डॉक्टरांना "कच्ची कालवं खाल्ली" हे आधी सांगा.

सुरमईच_फक्त:
डॉक्टर, तुम्ही माझ्या मनातलं बोललात. मी तळलेल्या तुकडीवर खूश आहे.

रसरशीत_रावसाहेब:
डॉक्टरसाहेब, आम्ही न्यू जर्सीत वर्षानुवर्षं खातोय, काही झालं नाही. असं घाबरवायला लागलात तर पाणीपुरीही बंद करावी लागेल.

डॉ_कडुलिंब:
रावसाहेब, तुम्हाला काही झालं नाही याचा मला आनंदच आहे. तुम्हाला मधुमेह नसेल. ज्यांना झालं ते धाग्यावर येऊन लिहीत नाहीत.

शेंगदाण्याचं_कूट:
मला झालंय, मी लिहिते. इस्पितळ वगैरे नाही, पण एका समुद्रकाठच्या ठिकाणी भर ऑगस्टमधे बाहेर उन्हात मांडलेल्या ताटातली खाल्ली होती. बर्फ वितळून पाणी झालेलं दिसत होतं. पुढचा दीड दिवस मी आणि न्हाणीघर. आता बर्फ कोरडा दिसला नाही तर लिंबूपाणी पिऊन उठते.

पोथीनिष्ठ:
इंग्रजीत आर अक्षर असलेल्या महिन्यांतच खावीत असा जुना नियम आहे, म्हणजे सप्टेंबर ते एप्रिल. मे ते ऑगस्ट बंद. आपल्याकडे श्रावणात मासे बंद, तसा त्यांचा चातुर्मास. खाडीकाठ, आईबाबा मेमधे येतायत म्हणजे शास्त्राप्रमाणे चुकलंच.

बे_एरिया_बाळू:
पोथीनिष्ठ, नियमाला दोन पाय आहेत. एक, पाणी तापलं की व्हिब्रिओ वाढतो, ते डॉक्टरांनी सांगितलंच. दुसरा, उन्हाळ्यात कालवं अंडी घालतात, तेव्हा मांस पातळ, दुधाळ होतं. दुसऱ्या पायावर इलाज निघाला आहे. शेतीत वाढवलेली पुष्कळ कालवं आता ट्रिप्लॉइड असतात, दोनाऐवजी गुणसूत्रांचे तीन संच असलेली. बिनबियांचं कलिंगड याच तत्त्वावर. ती अंडी घालायच्या भानगडीत पडत नाहीत, म्हणून जुलैतही घट्ट राहतात. पहिला पाय मात्र तसाच आहे. मॅसॅच्युसेट्समधे मेमधलं पाणी थंडच असतं, पण आईबाबांचा निर्णय डॉक्टरांच्या निकषावर घ्या, कॅलेंडरवर नको.

जाझ_आणि_जवळा:
लुईझियानातून हजेरी. तुम्ही उत्तरेचे लोक चार डॉलरला एक खाता आणि गावांची नावं घोकता. न्यू ऑर्लिन्समधे जुन्या बारमधे उभं राहून खायचं, काउंटरमागचा माणूस उघडून समोर सरकवत जातो, गप्पा मारत जातो. मेक्सिकोच्या आखातातली कालवं मोठी, मांसल, कमी खारट. केचप, हॉर्सरॅडिश आणि तिखट सॉस आपल्याच कपात कालवायचा, खाऱ्या क्रॅकरवर कालव ठेवायचं आणि तोंडात. मिनियोनेट मागितलंत तर तुम्ही बाहेरगावचे.

आणि हो, आमचं पाणी कोमट, त्यामुळे डॉक्टरांचा मुद्दा इथे जास्त लागू. कॅलिफोर्नियाने २००३ पासून एप्रिल ते ऑक्टोबर या काळातली आखाती कालवं प्रक्रिया केल्याशिवाय कच्ची विकायला बंदी घातली. इथे त्यावर शिव्या घालणारे भेटतील, पण कासामेंटोज नावाचं १९१९ पासूनचं उपाहारगृह आजही उन्हाळाभर कुलूप लावून बसतं.

खाडीकाठ, आईबाबांसाठी यावर उत्तर आहे: चारब्रॉइल्ड. १९९३ मधे ड्रेगोज या ठिकाणी सुरू झालेला प्रकार. अर्ध्या शिंपल्यातलं कालव सरळ जाळावर, वरून लसूण-लोणी आणि चीज, कडा करपेपर्यंत. पावाने शिंपला पुसून खातात. बोस्टनमधेही अनेक बारमधे भाजलेली मिळतात, विचारा.

डॉ_कडुलिंब:
+१. नीट शिजलेली असतील तर माझी काही हरकत नाही. मीही येतो.

मालवणी_वडा:
लसूण-लोणी-चीज घालायचंच होतं तर कच्च्याचा एवढा अभिमान कशाला? घाला तिरफळ आणि या आमच्याकडे.

गिरगाव_ते_ग्रँडसेंट्रल:
अवांतर, पण राहवत नाही. रॉ बार म्हटलं की मला न्यूयॉर्कच्या ग्रँड सेंट्रल स्टेशनच्या पोटातला ऑयस्टर बार आठवतो. स्टेशन १९१३ मधे उघडलं, तेव्हापासूनचा. वर ग्वास्ताविनो पद्धतीच्या फरशांच्या कमानी, खाली लांब वळणदार काउंटर. बाहेरच्या चौकात एका कोपऱ्यात तोंड करून कुजबुजलं की तिरक्या कोपऱ्यातल्या माणसाला ऐकू येतं. गर्दीच्या वेळी लोकल चुकवून तिथे पॅन रोस्ट खायला बसणं हे माझं व्यसन. (पॅन रोस्ट शिजवलेलं असतं, डॉक्टर. क्रीममधे.)

पण रॉ बार आज जसा महागडा, पांढऱ्या रुमालाचा प्रकार वाटतो तसा तो मुळीच नव्हता. एकोणिसाव्या शतकात न्यूयॉर्कच्या खाडीत कालवांची रानं होती आणि गाडीवर, तळघरात गरिबांनी खायची ही गोष्ट होती. बहुतेक तळघरं ओंगळ समजली जायची. त्यांत टॉमस डाउनिंग या माणसाने वेगळंच केलं. व्हर्जिनियातल्या चिंकोटीगचा, गुलामगिरीतून मुक्त झालेल्या आईबापांचा मुलगा. १८२५ मधे ५, ब्रॉड स्ट्रीटला त्याने तळघर थाटलं, तेही झुंबरं, गालिचे, आरसे लावून. शेजारी बँका आणि शेअर बाजार, त्यामुळे दलाल, राजकारणी, इंग्लंडचे पाहुणे सगळे त्याच्याकडे. पहाटेच्या अंधारात होडी घेऊन कालवं आणणाऱ्यांकडून उत्तम माल आधी उचलायचा. आणि वर गोरे पुढारी कालवं खात असताना खालच्या भागात दक्षिणेतून पळून आलेले गुलाम लपलेले असायचे. १८६६ मधे तो गेला तेव्हा शहराच्या चेंबर ऑफ कॉमर्सने कामकाज बंद ठेवलं.

मग शहर वाढलं, सगळं सांडपाणी खाडीत. विषमज्वराची साथ कालवांमुळे आली. १९२७ मधे न्यूयॉर्क शहराच्या पाण्यातलं शेवटचं कालवक्षेत्र बंद केलं. म्हणजे ज्या शहराने बार गाजवले त्याची स्वतःची कालवं खायच्या लायकीची राहिली नाहीत, आजही नाहीत. खाडीकाठ यांच्या तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर मला वाटतं इथेच कुठेतरी आहे.

बोस्टनकर_नवा:
बोस्टनचा अभिमान राखायला: युनियन ऑयस्टर हाउस १८२६ चं आहे. न्यूयॉर्कवाल्यांनी नोंद घ्यावी. डॅनियल वेब्स्टर हा त्या काळचा बडा राजकारणी तिथे अर्धवर्तुळाकार काउंटरवर बसून डझनांनी कालवं आणि ब्रँडी रिचवायचा अशी आख्यायिका सांगतात.

आणि खाडीकाठ, चार डॉलर देऊ नका! मॅसॅच्युसेट्समधे १९८४ पासून हॅपी अवरला बंदी आहे, म्हणजे ठरावीक वेळेपुरती दारू स्वस्त करता येत नाही. मग गिऱ्हाईक संध्याकाळी ओढायचं कसं? दारू नाही तर कालवं स्वस्त करायची! त्यामुळे चार ते सहाच्या वेळात डॉलर-दीड डॉलरला मिळणारी ठिकाणं शोधा.

सुरमईच_फक्त:
सेलमधली कच्ची कालवं. डॉक्टर, तुमचं काय म्हणणं?

डॉ_कडुलिंब:
(पाणी पितोय.)

बोस्टनकर_नवा:
उलट आहे हो. गर्दीच्या ठिकाणी माल पटापट खपतो, पडून राहत नाही. रिकाम्या हॉटेलात मंगळवारी मागवलेल्या डझनापेक्षा हे बरं.

तुळशीमाळ:
धाग्यावर चुकून आले, आता वाचतच बसले. एक प्रामाणिक प्रश्न. माझी अमेरिकेतली भाची व्हीगन आहे आणि म्हणते कालवं चालतात, त्यांना मेंदू नसतो. हे खरं का ती मावशीला बनवतेय?

बे_एरिया_बाळू:
मेंदू नसतो हे खरं. मज्जातंतूंच्या गाठी असतात. हलता येत नाही, शेतीत चारा घालावा लागत नाही, पाणी उलट स्वच्छ होतं, म्हणून काही व्हीगन लोक कालवं खातात. बाकीचे व्हीगन त्यांच्याशी भांडतात.

तुळशीमाळ:
म्हणजे वारकऱ्यांना भोपळ्यासारखं चालेल असं नव्हे ना? बरं. माळ काढत नाही.

पोथीनिष्ठ:
मोती सापडला कोणाला?

कुंपणावरचा_सरडा:
खाण्याच्या कालवात क्वचित सापडतो, पण तो पांढरट खडा असतो, चमक नाही. दागिन्याचे मोती देणारे शिंपले वेगळ्या कुळातले. दात सांभाळा.

शेंगदाण्याचं_कूट:
घरी कशी उघडायची ते कोणीतरी सांगा. नवऱ्याने भाजीच्या सुरीने प्रयत्न केला, टाके पडले.

कुंपणावरचा_सरडा:
भाजीची सुरी नाही हो! आखूड, जाड, बोथट पात्याची कालवाची सुरी मिळते. कालव फडक्यात गुंडाळायचं, खोलगट बाजू खाली, सपाट वर, बिजागरीचं टोक आपल्याकडे. टोक बिजागरीत रोवून जोर न लावता पिळायचं, किल्ली फिरवल्यासारखं. टक असा आवाज आला की पातं वरच्या शिंपल्याला घासत नेऊन स्नायू कापायचा, मग खालून सोडवायचं. आतलं पाणी सांडू देऊ नका. उघडायच्या आधी कालव मिटलेलं हवं. उघडं असेल आणि टिचकी मारूनही मिटत नसेल तर फेकून द्या. फ्रीजमधे ओल्या फडक्याखाली ठेवा, गोड्या पाण्यात बुडवू नका, मरतात.

तांत्रिक_तिसऱ्या:
मत्स्यप्रक्रिया क्षेत्रात काम करतो, म्हणून मूळ प्रश्नावर येतो. गिरगावकरांनी बरोबर बोट ठेवलंय.

१९२४-२५ च्या हिवाळ्यात अमेरिकेत शिकागो, न्यूयॉर्क, वॉशिंग्टनला विषमज्वराची साथ आली, ती कालवांपर्यंत जाऊन पोचली. त्यातून १९२५ मधे राष्ट्रीय शिंपली-स्वच्छता कार्यक्रम सुरू झाला. आज प्रत्येक पोत्याला चिठ्ठी असते: कोणी काढली, कोणत्या पाण्यातून, कोणत्या तारखेला. हॉटेलने पोतं संपल्यावरही ती चिठ्ठी ९० दिवस जपायची. कोणी आजारी पडलं की चिठ्ठीवरून थेट त्या खाडीपर्यंत जाता येतं. आणि मुळात प्रत्येक खाडीचं पाणी तपासून तिचं वर्गीकरण केलेलं असतं. मोठा पाऊस झाला, सांडपाणी वाहून आलं, की ते क्षेत्र काही दिवस बंद. युरोपात मांसातल्या ई. कोलाय या जिवाणूंवरून वर्ग ठरतात: १०० ग्रॅममागे २३० पर्यंत असेल तर अ वर्ग, थेट खायला. ब वर्गाची आधी स्वच्छ पाण्याच्या टाक्यांत ठेवून शुद्ध करावी लागतात.

तेव्हा चार डॉलर मसाल्याचे नाहीत आणि समुद्राच्या पाण्याचेही नाहीत. त्या चिठ्ठीचे, बर्फाचे आणि खाडीवर लक्ष ठेवणाऱ्या यंत्रणेचे आहेत. आपल्याकडे कालवं आहेत, खाणारे आहेत, उघडणारे हात तर जगात कुठे नसतील असे आहेत. खाडीचं असं रोजच्या रोज वर्गीकरण नाही. मुंबईच्या खाड्यांबद्दल तर बोलायलाच नको. म्हणून मुंबईत पंचतारांकित हॉटेलांत कच्ची कालवं मिळतात ती विमानाने आलेली.

मालवणी_वडा:
सांडपाणी मुंबईचं. आमच्या देवबागच्या खाडीत काय मुंबई वाहत येते का? सिंधुदुर्गात मँग्रोव्ह फाउंडेशनच्या मदतीने बचतगटांच्या बायका कालवं आणि शिनाणे वाढवतात, दोर-पिंजरे लावून. पाणी चांगलं आहे म्हणूनच ना?

तांत्रिक_तिसऱ्या:
वडासाहेब, पाणी चांगलं असणं आणि चांगलं असल्याचं आठवड्यागणिक कागदावर असणं यांत फरक आहे. बायकांचं काम खरोखर मोलाचं आहे, पण तो माल शिजवून खाण्यासाठीच जातो. केरळात काही गोष्टी पुढे गेल्या आहेत. अष्टमुडी कायलातल्या (खाजणसरोवरातल्या) तिसऱ्यांच्या मासेमारीला २०१४ मधे एमएससी, म्हणजे शाश्वत मासेमारीचं आंतरराष्ट्रीय प्रमाणपत्र मिळालं, भारतातलं पहिलं. केंद्रीय सागरी मत्स्य संशोधन संस्थेने तिथे कालवपालन आणि टाक्यांतलं शुद्धीकरण दोन्ही करून दाखवलंय.

डॉ_कडुलिंब:
एक भर घालतो. सांडपाणी शून्य केलं तरी व्हिब्रिओ राहतो, कारण तो सांडपाण्याचा नाही, कोमट पाण्याचा रहिवासी आहे. बोस्टनचं पाणी हिवाळ्यात गोठायच्या बेताला येतं. कोकण किनाऱ्यावर ते बारमाही कोमट, साधारण २६ ते ३० अंश. म्हणजे आर अक्षराचा नियम लावायचा तर आपला पूर्ण वर्षभर चातुर्मास. वर पावसाळ्यात डोंगरावरचं सगळं खाडीत. असं कालव दुपारच्या उन्हात डब्यात बसून बाजारात आलं की जंतू किती पटींनी वाढले असतील! खडकावरून काढल्याबरोबर बर्फात गेलं पाहिजे आणि ताटापर्यंत बर्फातच राहिलं पाहिजे. आजी चुलीवर ठेवत होत्या, तोच आपल्या हवामानाचा शिंपली-स्वच्छता कार्यक्रम.

मालवणी_वडा:
आजीचा सत्कार स्वीकारला आहे.

रसरशीत_रावसाहेब:
पण लुईझियानाचं पाणीही कोमटच, तरी ते विकतातच की. मग आपण का नाही?

जाझ_आणि_जवळा:
रावसाहेब, इथे उन्हाळ्यात कालवं काढल्यापासून किती वेळात थंड करायची याचे तास बांधलेले आहेत, होडीवर वेळ लिहून ठेवावी लागते. शिवाय मेनूवर धोक्याची सूचना छापलेली असते. तरीही दर उन्हाळ्यात कोणी ना कोणी जातं. त्यामुळे "ते विकतात" हा फार भक्कम मुद्दा नाही.

सारस्वत_स्वयंपाकघर:
अहो, अर्ध्या शिंपल्यातलं खायचंच असेल तर आपल्याकडे तिसऱ्यांचं एकशिपी आहे की. विळीवर तिसरी उघडायची, एक शिंपला टाकायचा, मांस असलेला ठेवायचा, ओलं खोबरं, लाल मिरची, चिंच किंवा सोलं, वर तिरफळ. शिंपल्यासकट चोखून खायचं. बोस्टनमधे मी लिटलनेकचं करते, जरा जाड असतात, पण छान होतं. आकाराने सगळ्यांत लहान ते लिटलनेक, मग चेरीस्टोन, आणि सगळ्यांत मोठे ते सूपाला. मोठे घेऊ नका, चामड्यासारखे होतात.

मालवणी_वडा:
काकी, पत्ता द्या.

गिरगाव_ते_ग्रँडसेंट्रल:
शिंपल्यांवरून आठवलं. न्यूयॉर्कचे बरेच बार रिकामे शिंपले कचऱ्यात टाकत नाहीत. २०१४ पासून बिलियन ऑयस्टर प्रोजेक्ट ते गोळा करतो, गव्हर्नर्स बेटावर उन्हापावसात पडू देतो आणि मग त्यांवर कालवांची पिल्लं चिकटवून खाडीत सोडतो. २०३५ पर्यंत शंभर कोटींचं लक्ष्य. खायची नाहीत, पाणी गाळायला. पूर्ण वाढलेलं एक कालव दिवसाला सुमारे १९० लिटरपर्यंत पाणी गाळतं.

पोथीनिष्ठ:
कोकणात शिंपले भाजून चुना करत. घरं उभी आहेत अजून.

खाडीकाठ:
बापरे, केवढं लिहिलंत सगळ्यांनी! आईशी फोनवर बोलले. बाबांना मधुमेह आहे, आईला नाही. ठरलं असं: बाबांना भाजलेली, आई म्हणते "मी एक कच्चं चाखीन, पण तू आधी खा आणि मी तासभर तुझ्याकडे बघीन." सारस्वत काकी, लिटलनेकचं एकशिपी घरी करणार, विळी आईलाच आणायला सांगते. तांत्रिक, पुढच्या खेपेला काउंटरवर चिठ्ठी बघायला मागितली तर दाखवतील का?

तांत्रिक_तिसऱ्या:
चांगलं ठिकाण असेल तर हौसेने दाखवतील. कुरकुर केली तर कोळंबी मागवा.

डॉ_कडुलिंब:
तासभर पुरत नाही, आईंना सांगा. व्हिब्रिओची लक्षणं साधारण चोवीस तासांत दिसतात.

खाडीकाठ:
डॉक्टर, मग ती एक दिवस टक लावून बघत बसेल, तुम्हाला माझी आई माहीत नाही.

बोस्टनकर_नवा:
बोस्टनमधल्या सभासदांचं गटग करायचं का रॉ बारला? चार ते सहात. मेच्या दुसऱ्या शनिवारी?

सुरमईच_फक्त:
मी नेमका तेव्हा बोस्टनात आहे. माझ्यासाठी काय मिळेल?

बोस्टनकर_नवा:
लिंबू आणि क्रॅकर.

तुळशीमाळ:
अय्या, मग मीही येऊ शकते!